गोंधळाच्या ट्रॅकवरचं डिस्टॉर्शन : प्रकल्प नोंदी

काम : देवीचा गोंधळ, साडेचार मिनिटांचा एक ट्रॅक. सांगलीत घरच्याच खोलीत मिक्स. रीपर (रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर), २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ. सूर पांढरी दोन (हार्मोनियमची दुसरी पांढरी पट्टी). घटस्थापनेआधी, म्हणजे २२ सप्टेंबर २०२५ च्या आत द्यायचा आहे.

४ ऑगस्ट, सोमवार

सगळे ट्रॅक आज एका जागी आले. संबळ दोन माइकवर, हलगी, तुणतुणं, झांज, हार्मोनियम, मुख्य गाणाऱ्या आण्णांचा आवाज आणि मागे झील धरणारे दोघे. त्याखाली मी सिंथवर एक साधा बेस वाजवला आहे, जवळजवळ निव्वळ साइन वेव्ह.

हेडफोनवर सगळं भरलेलं वाटतं. तेच मोबाइलवर लावलं तर बेस गायब आणि संबळाचा घुमारा गायब. उरते ती नुसती काडीची टकटक. गावाकडे हे गाणं नव्वद टक्के लोक मोबाइलवरच ऐकणार, हे मला लख्ख माहीत आहे. बेसचा आवाज वाढवून उपयोग नाही. मोबाइलचा एवढासा स्पीकर दोनशे हर्ट्झच्या खालचं फारसं काही वाजवतच नाही, मग फेडर कितीही चढवा. म्हणून या वेळी ईक्यूच्या (खालच्या-वरच्या फ्रीक्वेन्सींचं प्रमाण बदलण्याच्या) आधी डिस्टॉर्शन, म्हणजे लाटेचा आकार बिघडवून तिच्यात वरचे नवे स्वर आणणं, हाताळायचं ठरवलं. आणि नीट नोंदी ठेवायच्या, कारण मागच्या दोन्ही कामांत शेवटी कुठला नॉब कशासाठी फिरवला तेच आठवेना.

६ ऑगस्ट, बुधवार

हवं असलेलं डिस्टॉर्शन राहिलं बाजूला, आज नको असलेलंच निस्तरत बसलो.

हलगी शेकून चांगली ताणलेली होती. तालमीतल्या ठोक्यांवर मी गेन लावला. प्रत्यक्ष गाण्यात वादकाचा हात चढला आणि रेकॉर्डिंगलाच एकोणीस ठोके कापले गेले. झूम करून पाहिलं तर लाटेचे माथे सुरीने छाटल्यासारखे सपाट, काही ठिकाणी सलग बारा सॅम्पल (लाटेच्या एकेक डिजिटल मोजण्या). म्हणजे पाव मिलिसेकंदच, पण कान ते लगेच पकडतो. ठोक्याला पत्र्यावर खडा पडल्यासारखी एक कड येते.

असाच बिघाड १९६०-६१ च्या सुमारास नॅशव्हिलच्या एका स्टुडिओत झाला होता. ग्रेडी मार्टिन सहा तारांचा बेस वाजवत होता आणि कन्सोलच्या एका चॅनेलचा ट्रान्सफॉर्मर बिघडला. आवाज भुंग्यासारखा गुरगुरायला लागला. तो तसाच ठेवला गेला आणि लोकांना आवडला. ग्लेन स्नॉडी या इंजिनिअरने मग तो बिघाड मुद्दाम घडवून आणणारं सर्किट बांधलं आणि १९६२ मध्ये ते गिब्सनने माएस्ट्रो फझ-टोन या नावाने बाजारात आणलं. आजच्या फझ प्लगिनचं, म्हणजे तोच गुरगुरता आवाज देणाऱ्या जोड-सॉफ्टवेअरचं, मूळ तिथे आहे.

मग माझी हलगी का आवडून घेता येत नाही? ट्रान्सफॉर्मर असो, व्हॉल्व्ह असो, टेप असो, ते सिग्नलला हळूहळू आवळत नेतात, लाटेचा माथा गोल होतो. कन्व्हर्टर (आवाजाचे आकडे करणारं यंत्र) शून्य डीबीपर्यंत, म्हणजे त्याच्या कमाल पातळीपर्यंत, अगदी सरळ चालतो आणि तिथे एकदम भिंत लागते. कोपरा जितका तीक्ष्ण, तितके वरचे हार्मोनिक (मूळ स्वराच्या पटीतले स्वर) जास्त आणि तितके ते कर्कश.

डीक्लिपर (छाटलेले माथे पुन्हा भरून काढणारं प्लगिन) लावून पाहिला, समाधान झालं नाही. दुसऱ्या कडव्यातले स्वच्छ ठोके उचलून बसवले. एकोणीसपैकी सतरा बदलले. उरलेले दोन झांजेखाली दबतात, ते तसेच ठेवले.

९ ऑगस्ट, शनिवार, राखी पौर्णिमा

दिवसभर बेस.

पांढरी दोनचा खर्जातला सा ७३.४ हर्ट्झ. साइन वेव्हमध्ये तेवढी एकच फ्रीक्वेन्सी असते. तिच्यावर सॅच्युरेशन (सौम्य डिस्टॉर्शन) टाकलं की तिच्या पटीत नवे स्वर तयार होतात : दुप्पट १४७, तिप्पट २२०, चौपट २९४, पाचपट ३६७. मोबाइलला ७३ वाजवता येत नाही, पण २२०, २९४ आणि ३६७ वाजवता येतात. ते तीन एकत्र कानावर पडले की मेंदू स्वतःच खालचा ७३ भरून घेतो. खर्ज ऐकू आल्यासारखा वाटतो, प्रत्यक्षात तो स्पीकरमधून आलेलाच नसतो.

आधी सॉफ्टट्यूबचा फुकटातला सॅच्युरेशन नॉब लावला. एकच चक्री आणि तीन पर्यायांचा एक स्विच. काम होतं, पण कुठला हार्मोनिक किती हवा ते हातात राहत नाही. मग फॅबफिल्टर सॅटर्न २ घेतला. ड्राइव्ह (डिस्टॉर्शनचा जोर) वाढवत नेला आणि प्रत्येक पायरीला आवाज जास्त छान वाटत गेला. इथेच सावध व्हायला हवं, कारण ड्राइव्हबरोबर आवाजाची पातळीही वाढते, आणि मोठं वाजतं ते कानाला नेहमीच चांगलं वाटतं. आउटपुट साडेसहा डीबी खाली आणून दोन्ही बाजूंची पातळी मीटरवर जुळवली. मग राखी बांधायला आलेल्या ताईला कमी आणि जास्त ड्राइव्ह यांत अदलाबदल करणाऱ्या बटणावर बसवलं, स्वतः स्क्रीनकडे पाठ केली आणि ती दाबेल तसं फक्त सांगत गेलो, हे बरं, हे नको.

दहापैकी सात वेळा मी कमी ड्राइव्हचा बेस निवडला. पातळी जुळवलेली नसताना मी याच्या तिप्पट ड्राइव्ह पक्का करून बसलो होतो.

१० ऑगस्ट

सकाळच्या ताज्या कानाने ऐकलं, तरीही थोडं जास्तच. आणखी दीड डीबी कमी केला.

१३ ऑगस्ट, बुधवार

पहिल्या कडव्यात हार्मोनियम आल्यावर बेस डुगडुगायला लागतो. थरथर नव्हे, अगदी मोजून घ्यावी अशी उघडझाप, सेकंदाला साधारण तीन वेळा. आधी वाटलं कंप्रेसर (मोठा आवाज आवळणारं प्लगिन) पंप करतोय. तो काढला, डुगडुग तशीच. हार्मोनियम म्यूट केली, बंद. हार्मोनियम चालू ठेवून बेसचं डिस्टॉर्शन बायपास केलं, म्हणजे तात्पुरतं वगळलं, तरी डुगडुग बंद. म्हणजे दोघं समोरासमोर आले की भांडण.

अॅनलायझर (कुठली फ्रीक्वेन्सी किती आहे ते दाखवणारा आलेख) लावला आणि समजलं. बेसचा पाचवा हार्मोनिक ३६७ वर आहे. हार्मोनियमचा शुद्ध गांधार ३७० वर. अंतर जवळजवळ तीन हर्ट्झ, म्हणून सेकंदाला तीन ठोके. हार्मोनियम टेम्पर्ड सप्तकात लावलेली असते, तिचा गांधार नैसर्गिक गांधारापेक्षा किंचित चढा असतो. आणि डिस्टॉर्शनमधून निघालेला गांधार मात्र गणिताने नेमका पाचपट, तसूभरही इकडे-तिकडे नाही.

हे कागदावर मांडलं आणि थोडा वेळ तसाच बसून राहिलो. तिसरा हार्मोनिक पंचम. पाचवा गांधार. हा तर तानपुऱ्यातला स्वयंभू गांधार! खर्जाच्या तारेतून आपोआप उमटतो, गुरुजी लहानपणी कान लावून ऐकायला लावायचे, तोच. मी प्लगिनचा नॉब फिरवून नकळत बेसच्या एका स्वरातून सा-प-ग उभे करत होतो आणि त्याला ‘गरमपणा’ म्हणत होतो.

यातून एक व्यवहाराची गोष्ट निघते. बेसच्या सा वर जोरकस डिस्टॉर्शन टाकलं की त्यात शुद्ध गांधार येणारच. आपलं गाणं शुद्ध गांधाराचं आहे, म्हणून भांडण तीन हर्ट्झवर भागलं. गाणं भैरवीच्या अंगाचं असतं तर कोमल गांधाराशेजारी हा शुद्ध गांधार ठाण मांडून बसला असता आणि ‘मिक्स का टोचतंय’ म्हणून मी आठवडाभर ईक्यू कापत राहिलो असतो. सातवा हार्मोनिक आणखी अवघड. तो ५१४ वर पडतो, कोमल निषादाच्याही बराच खाली, आपल्या पेटीत कुठेही न बसणारा.

उपाय म्हणून दोन गोष्टी केल्या. सॅच्युरेशनचा कर्व्ह असममित केला, म्हणजे लाटेची वरची बाजू जास्त दाबायची आणि खालची कमी. दोन्ही बाजू सारख्या दाबल्या की तिसरा, पाचवा, सातवा असे विषम हार्मोनिकच येतात. बाजू असमान केल्या की दुसरा आणि चौथाही येतो, म्हणजे वरचे दोन षड्जच, आणि ड्राइव्ह थोडा उतरवूनही बेस तितकाच भरीव राहतो. पाचवा आपोआप मागे गेला. असममित कर्व्हने सिग्नल शून्यरेषेवरून एका बाजूला सरकतो, म्हणून पाठोपाठ २५ हर्ट्झचा हाय-पास (त्याखालचं सगळं गाळणारा) लावला.

दुसरं म्हणजे कडव्यांत बेसला ३६७ वर एक अरुंद खाच दिली. सुरुवातीच्या आवाहनात हार्मोनियम फक्त सा-प धरून आहे. तिथे खाच काढून टाकली आणि गांधाराला वाजू दिलं. आता त्या पहिल्या वीस सेकंदांत हार्मोनियमवर कुणी न दाबलेला गांधार ऐकू येतो. या सगळ्या कामातली ती मला आतापर्यंत सर्वांत आवडलेली जागा आहे.

१६ ऑगस्ट, शनिवार, मिरज

घरातला तानपुरा जवारी काढायला घेऊन गेलो होतो. दोन महिने टाळत होतो, बुधवारनंतर राहवेना. मिरजेच्या सतार-तानपुऱ्याला गेल्या वर्षी, २०२४ मध्ये, भौगोलिक मानांकन मिळालं. त्या गल्लीत मात्र काम पूर्वीसारखंच शांतपणे चालतं.

कारागिरांनी घोडीवर कानस अगदी दोन-तीनदाच फिरवली. मग तारेखालचा दोरा केसभर पुढे घेतला. तार छेडली, कोरडी. किंचित मागे. अजून कोरडी. पुन्हा पुढे, पण या वेळी इतका थोडा की मला दोरा हललेला दिसलाच नाही. आणि तार एकदम उघडली, गुंजारव सगळ्या दुकानात पसरला. ते म्हणाले, “दोरा नाही हलवायचा साहेब, सूर हलवायचा.”

ही जवारी म्हणजे तारेवरचं डिस्टॉर्शनच. तार रुंद घोडीच्या उताराला हलकी चाटत कंप पावते आणि त्या चाटण्याने वरचे स्वर जागे होतात. सी. व्ही. रमण यांनी १९२१ मध्ये यावरच लिहिलं होतं. तार ज्या ठिकाणी छेडावी तिथे निस्पंद बिंदू असणारे हार्मोनिक वाजू नयेत असा नियम. तानपुऱ्यात तेही खणखणीत वाजतात, ते या घोडीमुळे.

घरी आल्यावर ड्राइव्हची चक्री माउसने ओढायचं सोडलं. आकडा टाइप करतो, एका वेळी ०.२ डीबी.

१७ ऑगस्ट, रविवार

आण्णा आले. मिक्स ऐकवलं. डोळे मिटून पूर्ण ऐकलं, मग म्हणाले, “गाणं झ्याक हाय. पर संबळ फाटल्यागत वाजतोय बाळा.”

“फाटल्यागत म्हणजे कुठे, आण्णा? काडीचा आवाज की खालचा?”

“चामडं फाटलं की कसं हुतं, काडी पडती पर ठोका लागत न्हाई. मागनं नुसता फरफराट. तसं.”

त्यांनी मांडीवर वाजवून दाखवलं. एकदा हात उचलून घेतला, एकदा पडल्यावर तसाच दाबून धरला. माझ्या संबळात दोन्ही ठोके सारखेच ऐकू येत होते.

ते गेल्यावर लाटेकडे पाहिलं. आण्णांचं म्हणणं तंतोतंत खरं. डिकॅपिटेटर हे डिस्टॉर्शनचं प्लगिन मी सरळ संबळाच्या ट्रॅकवर टाकला होता, तोही पनिश बटण दाबून. ते बटण आणखी वीस डीबी गेन चढवतं. डिस्टॉर्शन सगळ्यात आधी सर्वांत उंच माथे खातं, आणि संबळात उंच माथा म्हणजे काडी पडल्याचा तो पहिला क्षण. तो दाबला गेला की मागची शेपूट, खोलीचा आवाज, कातड्याचा फरफराट सगळं त्याच्या बरोबरीला येतं. फाटलेल्या चामड्यात हेच होतं.

सगळं काढून नव्याने बांधलं. मूळ संबळ पूर्ण कोरडा ठेवला. त्याची एक समांतर शाखा, म्हणजे सोबत वाजणारी प्रत, काढली. तिच्यावर आधी ईक्यू, १२० ते ८०० हर्ट्झ एवढाच पट्टा आत जाईल असा, म्हणजे काडीची टोकदार कड डिस्टॉर्शनपर्यंत पोहोचतच नाही. मग डिकॅपिटेटर, पनिश बंद. मग अडीच हजारांवर लो-पास (त्यावरचं सगळं गाळणारा). ही शाखा मूळ संबळाच्या अकरा डीबी खाली. एकटी ऐकली तर कुबट लागते, शेजारच्या घरात कुणी वाजवत असल्यासारखी. मूळ संबळाखाली सरकवली की मोबाइलवरसुद्धा घुमारा येतो आणि उचललेला हात व दाबलेला हात वेगळे कळतात.

२० ऑगस्ट, बुधवार

तुणतुण्यावर हलकं फझ हवं होतं. तार टिणकन वाजते आणि पटकन विझते, तिला थोडं लांबवायचं होतं. फझ टाकल्यावर मागे एक चिरचिर आली, बिघडलेल्या ट्यूबलाइटसारखी. गंमत अशी की तार जोरात छेडल्यावर सूर क्षणभर चढून खाली येतो, तेव्हा ही चिरचिर उलटी वर जात होती. खरा हार्मोनिक असं कधी करत नाही. हे अलायसिंग, म्हणजे डिजिटल मर्यादेपलीकडचा स्वर परत फिरून खाली येणं.

खात्रीसाठी ५ किलोहर्ट्झचा टोन घालून पाहिला. ४८ किलोहर्ट्झच्या प्रोजेक्टमध्ये त्याच्या निम्म्याच्या, म्हणजे २४ च्या, वर जागा नाही. तिसरा हार्मोनिक १५ वर, ठीक. पाचवा २५ वर जायला हवा, तो परत फिरून २३ वर येतो. सातवा ३५ चा १३ वर. नववा ४५ चा थेट ३ वर, जिथे कान सर्वांत तीक्ष्ण असतो. अॅनलायझरवर चारही रेघा बरोबर त्या त्या जागी उभ्या. मग ओव्हरसॅम्पलिंग (प्लगिनच्या आत सेकंदाला जास्त सॅम्पल घेणं) चौपट केलं, आतलं काम १९२ किलोहर्ट्झवर गेलं, २३, १३ आणि ३ वरच्या रेघा बसल्या.

रीपरमध्ये प्रत्येक प्लगिनला वेगळं ओव्हरसॅम्पलिंग देता येतं. सगळीकडे लावलं तर माझा जुना लॅपटॉप धापा टाकतो, म्हणून फक्त तुणतुणं आणि झांजेच्या बसवर (ट्रॅक एकत्र येतात त्या वाटेवर). बेसला गरज नाही, त्याचे हार्मोनिक २४ पर्यंत पोहोचेतो विरून जातात.

२४ ऑगस्ट, रविवार

आवाज. आण्णांच्या आवाजावर चार वेगवेगळी प्लगिन लावली आणि चारही काढली. ‘उदे गं अंबे उदे’ म्हणताना वरच्या सा ला त्यांचा गळा स्वतःच जी कड धरतो, ती पन्नास वर्षांच्या जागरणांतून आलेली आहे. तिच्यावर आणखी काही घातलं की ती खोटी वाटायला लागते. तिथे काहीही नाही, हा निर्णय पक्का.

झीलकऱ्यांवर मात्र थोडं टाकलं. आधी डी-एसर, नाहीतर ‘स’ आणि ‘च’ फिसकटतात. दोघांना एका बसवर एकत्र घालून सॅच्युरेशन दिलं तेव्हा खाली एक घोगरा, बेसूर थर तयार झाला. दोन स्वर एकाच डिस्टॉर्शनमधून गेले की त्यांची बेरीज आणि वजाबाकी असे नवे स्वर निघतात. सा-प असेल तर वजाबाकीसुद्धा सा लाच जाऊन मिळते, कानाला गोड लागतं. पण दोघांच्या सुरात नैसर्गिक उन्नीस-बीस असतंच, आणि त्याची वजाबाकी कुठल्याच स्वरात बसत नाही. दोघांना वेगवेगळं प्लगिन दिलं, थर गेला.

२७ ऑगस्ट ते ६ सप्टेंबर

गणपती. मिक्स बंद. मिरवणुकीतल्या स्पीकरच्या भिंतीसमोरून एकदाच जावं लागलं, तर रात्रभर कानात शिट्टी. लहान मुलं त्या भिंतीच्या अगदी पुढे नाचत होती, ते पाहवत नव्हतं. अॅम्प्लिफायर त्याच्या कुवतीपलीकडे ओढला की लाट चौकोनी होते, वरची ऊर्जा वाढते. ते सगळं त्यांच्या कानांवर तासन्‌तास आदळत होतं.

९ सप्टेंबर, मंगळवार

दोन आठवड्यांच्या विश्रांतीनंतर ऐकलं. संबळाची समांतर शाखा चालू केली की १२० हर्ट्झच्या आसपास संबळ उलट हडकतो. शाखेवरचा हाय-पास त्या भागाची फेज (लाटेच्या चढ-उताराची वेळ) फिरवतो आणि मूळ संबळाशी तिची वजाबाकी होते. त्या जागी लिनियर-फेज, म्हणजे फेज न फिरवणारा, ईक्यू ठेवला. भरलं. १७ ऑगस्टला हे मला ऐकू आलं नव्हतं, कारण तेव्हा लक्ष फक्त मोबाइलवर होतं.

१४ सप्टेंबर, रविवार

मास्टर, म्हणजे तयार मिक्सवरचा शेवटचा हात. क्लिपर लावून आवाज आणखी चढवायचा मोह झाला, नाही लावला. स्पॉटिफायसारख्या ठिकाणी गाणं साधारण −१४ एलयूएफएसच्या (कानाला जाणवणाऱ्या मोठेपणाच्या मापाच्या) पातळीला आणूनच वाजवतात, मग हलगीचे माथे कापून मिळणार काय? −१२ वर थांबलो, ट्रू पीक (सर्वांत उंच माथा) −१.

संध्याकाळी आण्णांकडे गेलो. त्यांनी नातवाचा मोबाइल मागितला, ओसरीवर पाण्याच्या पिंपावर ठेवला आणि समोर उकिडवे बसले. पहिल्या वीस सेकंदांत मान हलली. म्हणाले, “हितं पेटीत गांधार धरलाय का रं कुणी?”

“नाही आण्णा. तो खालच्या सा मधनं येतोय.”

“हं. येतो की. तंबोऱ्यात येतो तसा.”

पुढे काही बोलले नाहीत. संबळ सुरू झाल्यावर मांडीवर बोटं पडायला लागली. गाणं संपलं तेव्हा एवढंच म्हणाले की दुसऱ्या कडव्यात तुणतुणं जरा वर घे, आणि घरात वळून चहा टाकायला सांगितला. रात्री तुणतुणं एक डीबी वर घेतलं आणि एक्स्पोर्टला लावलं.